नळीच्या टोकाची तोटी

मित्रांनो, मी एक जुनी ठिबकची तोटी आहे. काळी, बोराएवढी. नळीवर माझ्याआधी अकरा बहिणी आणि अगदी टोकाला मी, सूनबाईंच्या लिंबापाशी. त्यांनी बीपासून वाढवलेलं ते झाड पाचव्या वर्षी पहिल्यांदाच कळ्यांवर आलं होतं.

पहिल्या दिवशी टाकीतलं पाणी धो धो येईल म्हणून मी अंग चोरून बसले होते. आणि काय सांगू! माझ्या पोटातल्या वाकड्यातिकड्या वाटेने फिरून फिरून ते इतकं शांत झालं, की टप्पकन एकच थेंब पडला. मग दुसरा. वर ओल वाटीएवढी दिसायची, पण मातीत उतरता उतरता परातीएवढी पसरायची. तिथे लिंबाची पांढरी मुळं गोळा व्हायची. माझ्या थेंबासाठी, बरं का! मी तर थक्कच झाले.

सासरेबुवांना हे काही पटेना. त्यांनी जन्मभर पाइप धरून झाडांना न्हाऊ घातलेलं. सूनबाई आठवडाभर माहेरी गेल्या आणि बाग त्यांच्या हाती आली.

"हे काय, नाक गळल्यासारखं?" म्हणत त्यांनी दाभणाने पहिल्या सहा तोट्यांची भोकं मोठी केली. धार लागली. स्वारी खूश! मग कंबर भरली, म्हणून बाकीच्या वाचल्या.

टाकीचा दाब आधीच बेताचा. सगळं पाणी त्या पहिल्या सहांतच संपायचं. पाचव्या दिवशी लिंबाची पानं मुडपली, कळ्या गळाल्या. मला तोंड असून ओरडता येईना. फार रडू आलं, पण तेवढंही पाणी नव्हतं.

सासरेबुवांनी खुरप्याने माती उकरली. वीतभर खाली ठणठणीत कोरडी. पहिल्या झाडाशी उकरली, तर चिखल. त्यांनी लगेच प्लंबरला फोन लावला. दुपारीच प्लंबर नव्या तोट्या घेऊन आला.

"काका, नळ दोन तास चालू ठेवायचा असतो. दाभण कशाला घातलंत?"

"अवदसा आठवली, दुसरं काय!"

सूनबाई परतल्या. "कळ्या माझ्यामुळे गेल्या गं," सासरेबुवा म्हणाले. त्या लिंबापाशी आल्या. मग फांदी हातात धरून म्हणाल्या, "बाबा, इथे कोवळी फूट दिसतेय."

आता ते रोज सकाळी अकरा तोट्या ओलांडून आधी माझ्याकडे येतात. गुडघे धरून वाकतात आणि थेंब पडेपर्यंत हलत नाहीत.

मित्रांनो, तुमच्याकडे ठिबक असेल तर टाकीपाशी बसवलेली गाळणी धूत जा आणि टोकापर्यंत चालत जा. तिथलं झाड तहानलेलं असलं, तरी हाक मारत नाही.