हवेत शिकलेला ड्रम

टिफनीला ड्रम येत होता. फक्त खऱ्या ड्रमला तिने अजून हात लावला नव्हता, एवढंच!

बोळिंजच्या फ्लॅटमध्ये ड्रम बडवला असता तर अख्खी सोसायटी दारात येऊन उभी राहिली असती. म्हणून ही पठ्ठी सहा महिने व्हीआरचा चष्मा चढवून हवेतच हात मारत होती. वरून रंगीत गोळे पडायचे, ते तालात फोडायचे. त्या गेमची शेवटची लेव्हलसुद्धा तिने एका दमात पार केली होती.

अशात होळी नावाच्या गावातल्या गॉडफ्रेमामाच्या बँडचा ड्रमवाला जहाजावर नोकरीला गेला, आणि चर्चचा सण तर आठवड्यावर आलेला. टिफनीने थेट मामाचं अंगण गाठलं. मिरवणुकीत वाजवणार म्हणजे वाजवणारच!

"शिकलीस कुठे गं?" ट्रम्पेट पुसत मामाने विचारलं.

"चष्म्यात."

क्लॅरिनेटवाला डिलन फिस्सकन हसला. "मग मिरवणूक पण चष्म्यातच काढू या ना!"

"तू आधी सुरात वाजव, मग बोल," म्हणत टिफनीने ड्रमचा पट्टा खांद्यावर चढवला.

मामाने ट्रम्पेटवर गाणं सुरू केलं. तिने दणकून पहिला ठोका हाणला आणि काठी हातातून उसळून थेट केळीत! चष्म्यातले गोळे मुकाट फुटायचे. हा ड्रम मात्र मारलं की उलट मारत होता! डिलन तर पोट धरून खाली बसला.

"राहू दे पोरी, पुढच्या वर्षी बघू."

"मामा, काठी उडाली, ताल नाही उडाला. परत घे!" केळीतून काठी उचलून आणत टिफनी म्हणाली.

मामाने परत घेतलं. सवयीने तिने वर बघितलं. गोळे कुठले पडायला! वर नुसती आंब्याची फांदी. मग नजर आली ती मामाच्या गालांवर. गाल फुगले की सूर येणार. सापडलं! काठी सैल धरली, तर ती आपणहून उसळून दुसरा ठोका द्यायला लागली.

"अय्या, अर्धं काम हा ड्रमच करतोय!" ती ओरडली.

मामाने मुद्दाम वेग वाढवला. तीही सुटली. डिलनने गुपचूप क्लॅरिनेट तोंडाला लावलं.

गाणं संपलं. मामाने घाम टिपला. "रविवारी पांढरा शर्ट, काळी पॅन्ट. आणि बूट घाल, चपला नाही. दोन तास उन्हात चालायचंय, सांगून ठेवतो."

टिफनीचं मनगट आत्ताच ठणकत होतं. ते चोळत ती ऐटीत म्हणाली, "दोनच?"