कट म्हटल्यानंतरचं

"कट," जावईबापू म्हणाले, आणि कॅमेरामनने ते ऐकलं नाही.

म्हणजे कानांनी ऐकलं. बटणावरच्या बोटाने ऐकलं नाही. समोर विधवेचं काम करणाऱ्या बाई गेलेल्या नवऱ्याच्या शर्टांच्या घड्या घालत होत्या. संवाद संपले, म्हणून दिग्दर्शकाच्या लेखी प्रसंगही संपला. पण बाई अजून त्यातच होत्या. त्यांनी एका शर्टाच्या खिशातला चष्मा काढला, स्वतःच्या डोळ्यांवर चढवला आणि रिकाम्या खाटेकडे पाहत राहिल्या. मगच बोट हललं.

"दादा, मी कट म्हटलं होतं."

"पंख्याच्या आवाजात ऐकू नाही आलं."

"पंखा बंद आहे."

"मग वय झालं असेल."

सकाळीच कॅमेरामनच्या बायकोने डबा हातात देताना बजावलं होतं, "तोंड उघडायचं ते जेवायलाच." कारण निर्माते असलेल्या शेठचा शब्द होता : जावयाचा हा पहिला सिनेमा लुडबूड न करता पार पाडा, पुढचा तुम्ही दिग्दर्शित करा. पटकथा अकरा वर्षं पिशवीत होती. त्याआधी त्याने एक सिनेमा दिग्दर्शित केला होता, तेव्हा लोक म्हणाले, चित्रण काय सुरेख आहे! गोष्टीबद्दल कुणी अवाक्षर काढलं नाही. मुकाट्याने कॅमेऱ्यावर परतला, तर म्हणू लागले, याच्या अंगातला दिग्दर्शक काही जात नाही. जिथे असेल तिथे तो दुसरीकडचाच ठरायचा.

दुपारी शेठ आले. चष्म्याच्या शॉटचा तुकडा त्यांनी तीनदा पाहिला आणि नाक शिंकरलं.

"जावईबापू, कमाल केलीत."

"दादांनीही साथ दिली," जावईबापू मोठ्या मनाने म्हणाले.

शेठनी कॅमेरामनच्या खांद्यावर हात ठेवला. "असा डोळा कॅमेऱ्यावरून उठवायचा म्हणजे करंटेपणा हो. पुढच्या सिनेमालाही तुम्हीच पाहिजे. कॅमेऱ्यावर."

"पण शेठ, आपलं ठरलं होतं..."

"ठरलं तेव्हा मी हे कुठे पाहिलं होतं?"

शॉट बिघडवला असता तर दिग्दर्शन मिळालं नसतं. साधला, म्हणूनही मिळालं नाही. तो डबा न उघडताच परत कॅमेऱ्यामागे गेला.

पुढचा शॉट सोपा होता. बाईंनी कपाटात शर्ट ठेवायचे, दार लावायचं, वळायचं. त्यांनी ठेवले, लावलं, वळल्या.

"कट."

बोटाने या वेळी हुकूम जागच्या जागी पाळला. लाल दिवा विझला.

"आता ऐकू आलं ना, दादा?"

"आलं."

पण डोळा त्याने भिंगावरून काढला नव्हता. बाई दोन पावलं चालून थांबल्या. परत फिरल्या, कपाट उघडलं, फटीत अडकलेली एका शर्टाची बाही अलगद सोडवली, आणि मग दार असं लावलं की आवाज होऊ नये.

"पुढचा शॉट," जावईबापू म्हणाले.

कॅमेरामनने खिशातून फडकं काढलं आणि भिंग पुसायला घेतलं. भिंग स्वच्छच होतं.