टेकडीवरची जागा

त्या दिवशी लॉकवर कुणीच भांडलं नाही, तेव्हाच ऑरिन टेफ्टला शंका आली.

हॅलेट्स बेसिनचं लॉक म्हणजे सबंध ईरी कालव्यावरचं भांडकुदळ ठिकाण. दोन दरवाजांमधल्या त्या हौदात पाणी चढवून-उतरवून एका वेळी एकच बोट पुढं जाई, आणि कुणाची आधी आत घ्यायची यावरून तिथं नाकं फुटत. नोव्हेंबरअखेर तर विचारूच नका. हिवाळ्यासाठी कालव्याचं पाणी सोडून द्यायची वेळ जवळ आलेली, आणि त्याआधी ज्याला त्याला आपलं ठिकाण गाठायचं असे. आज मात्र पुढच्या दोन बोटींनी आपले दोर सैल सोडले आणि काठावरून खेचरं ओढत असलेल्या ऑरिनच्या बोटीला वाट करून दिली. एका म्हाताऱ्या बोटवाल्यानं टोपीही काढली.

"काय रे, आज सगळे पाद्री झालात की काय?" ऑरिन ओरडला. कुणी हसलं नाही.

लॉकवाल्या गार्टलंडनं आजवर त्याला शिवीशिवाय हाक मारली नव्हती. आज तो म्हणाला, "ये बाबा, ऑरिन. तू आधी जा."

"का? मी काय गव्हर्नर आहे?"

"थर्झाच्या घरी जा. खेचरं मी बघतो."

"लोडेमा?" ऑरिननं बायकोचं नाव घेतलं.

गार्टलंडनं दरवाजाच्या दांड्याला पाठ लावली आणि तो रेटायला लागला. रेटता रेटताच म्हणाला, "मंगळवारी गेली. ताप उतरलाच नाही रे."

कालव्यावर बातमी बोटीच्या पुढं पळते. म्हणजे मागच्या सगळ्या लॉकवर लोकांना ठाऊक होतं. काल एका लॉकवाल्याच्या बायकोनं त्याला गरम पाव आणि कॉफी दिली होती, पैसे घेतले नव्हते. आपला चेहराच तसा देखणा आहे, अशी चेष्टा करून त्यानं तो पाव खाल्ला होता.

थर्झा ही लोडेमाची थोरली बहीण. विधवा, जिभेची तिखट. ताप आल्यावर लोडेमाला तिच्याकडं ठेवून, भाड्याचा सुकाणूवाला घेऊन ऑरिन पुढं गेला होता. बफलोहून भरलेला गहू बोटीत होता, आणि हंगाम कुणासाठी थांबत नाही. थर्झानं बहिणीला मागच्या थंड खोलीत, पेटीत ठेवलं होतं.

"तुझी वाट बघून झाकण लावलं नाही," ती म्हणाली. "बघ आणि मला सांग, म्हणजे ठोकून घेते."

ऑरिननं बघितलं. लोडेमाच्या उजव्या तळहाताला सुकाणूचे घट्टे होते, ते तसेच होते.

लग्न झाल्यापासून त्यांचा संसार बोटीवर. ऑरिन पुढं काठावर खेचरांबरोबर चालायचा, लोडेमा मागं बोटीवर सुकाणू धरून उभी. मधे लांबलचक दोर. दिवसभर बोलायचं ते ओरडूनच. स्वयंपाकाला काय करू, हेसुद्धा ती ओरडून विचारायची आणि काठावरचे लोक उत्तरं द्यायचे. पण एक गोष्ट तिनं कधी ओरडून सांगितली नाही. जेवताना, समोर बसून सांगितली होती. "मला या पाण्याच्या काठी पुरू नकोस. पुष्कळ झालं पाणी. आईच्या शेजारी टेकडीवर जागा आहे, तिथं ने." ती टेकडी पश्चिमेला, बोटीनं दोन-तीन दिवसांच्या आणि पुढं थोड्या गाडीच्या वाटेवर होती. ऑरिननं बरं म्हटलं होतं.

"रेल्वेनं ने," थर्झा म्हणाली. "सकाळी बसलास तर दुपारी तिथं. पाद्र्यालाही तारेनं कळवता येईल."

"रेल्वेनं? कोंबड्यांच्या खुराड्यांबरोबर, सामानाच्या डब्यात?"

"तिला आता कोंबड्यांचा त्रास होणार आहे होय?"

"लोडेमा रेल्वेत कधी बसली नाही. रेल्वेनं आमच्या पोटावर पाय दिलाय. ती आपल्या बोटीनं जाईल."

"पाणी सोडून द्यायला आलेत, गाढवा."

"पुढच्या आठवड्यात सोडतात. वेळ आहे."

कालव्यावरचा माणूसच असं बोलू शकतो. पाणी आहे म्हणजे रस्ता आहे, एवढंच त्याला कळतं. थर्झानं कपाळावर हात मारला आणि मग खुंटीवरून आपली शाल काढली. "सुकाणू कोण धरणार? तो भाड्याचा तर पैसे घेऊन गेला. तू काय दोन्हीकडं असणार आहेस?"

बोट रिकामी होती, पेटी मधोमध ठेवली. ऑरिन खेचरांपुढं चालू लागला. पहिल्या वळणावर मागून आवाज आला, "ऑरिन, दोर सैल पडलाय!"

तो जागच्या जागी थांबला. खेचरंही थांबली. दोघी बहिणींचा आवाज एकच होता. इतकी वर्षं थर्झाला घरातच बोलताना ऐकलेलं, पाण्यावरून कधी नाही.

"काय झालं?" थर्झा ओरडली.

"काही नाही. तू ओरडू नकोस. कर्णा वाजव."

त्यानंतर ती कर्णा वाजवत राहिली. एकदा वाजवला तर दोर सैल, दोनदा तर समोरून बोट. समोरून येणारे बोटवाले विचारत, "काय रे, बायको मुकी झाली का?" ज्यांना ठाऊक होतं ते त्यांना गप्प करत. वाटेतल्या प्रत्येक लॉकवर त्याला आधी सोडलं. त्यापेक्षा एखाद्यानं आईवरून शिवी दिली असती तर बरं वाटलं असतं.

स्लोकम्स लँडिंग या गावाच्या अलीकडं दुसऱ्या दुपारी पाणी काठापासून खाली जाताना दिसलं. आधी ओल्या मातीची एक पट्टी, मग दगड. बोटीखाली खरखर झाली, बोट डावीकडं कलली आणि चिखलात बसली. पेटी सरकून फळीला लागली. पुढं घुशींनी पोखरलेला बांध फुटला होता आणि कालवा कुणाच्या तरी कोबीच्या शेतात चालला होता.

बांध दुरुस्त करणाऱ्या टोळीचा मुकादम टूमी नावाचा आयरिश होता. गुडघाभर चिखलात उभा.

"पाणी कधी येईल?" ऑरिननं विचारलं.

"एप्रिलमध्ये."

"थट्टा नको."

"मी या चिखलात थट्टा करायला उभा आहे? हंगाम तसाही संपलाय. वरून हुकूम आलाय, भगदाड बुजवा आणि पाणी वसंतात भरा. काय माल आहे?"

ऑरिन खेचरांचे पट्टे सैल करायला लागला. थर्झा बोटीवरून म्हणाली, "माझी बहीण आहे."

टूमीनं छातीवर क्रूसाची खूण केली. मग त्यानं होईल ते सगळं केलं. गावात गाडी बघितली. गाडीवाल्यानं सांगितलं की रस्ता शेतातल्या पाण्यानं वाहून गेलाय, आणि रेल्वेचं स्टेशन तर त्याच्या पलीकडं आहे. संध्याकाळपासून बर्फ पडायला लागला. दुसऱ्या दिवशीही पडत होता.

"चार माणसं द्या, खांद्यावर नेतो," ऑरिन म्हणाला.

"कुठवर?" थर्झा म्हणाली. ती पेटीवर हात ठेवून बसली होती. "ऑरिन, पुरे कर. तिला किती ताटकळत ठेवशील? मंगळवारपासून बिचारी वाटेवरच आहे."

स्लोकम्स लँडिंगची दफनभूमी कालव्याला लागूनच आहे. कालव्यावर मेलेल्या परक्यांसाठी तिचा खालचा कोपरा ठेवलेला. जमीन गोठली होती, टूमीच्या माणसांनी ती कुदळीनं फोडली. पाद्री नव्हता. टूमीनं आपल्या पद्धतीची प्रार्थना म्हटली, ती लोडेमाच्या पंथाची नव्हती. थर्झानं चालवून घेतलं.

"वसंतात पाणी आलं की नेतो," ऑरिन सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाला.

हिवाळा त्यानं चिखलात बसलेल्या बोटीवरच काढला. एप्रिलमध्ये पाणी आलं, बोट सरळ झाली. पहिली खेप गव्हाची मिळाली, ती सोडता येईना. दुसऱ्या खेपेला उकरायला माणसं ठरवली, पण ऐन वेळी त्यानंच त्यांना परत पाठवलं. का, ते त्यानं सांगितलं नाही. जाता-येता स्लोकम्स लँडिंगला तो खेचरांची चाल हळू करतो. मागचे बोटवाले शिव्या घालतात. तेवढ्या वाटेपुरती लोडेमा काठावर असते आणि तोही काठावर असतो. टेकडी कालव्यापासून आत आहे, तिथं बोट जात नाही.

दर वर्षी हंगाम संपला की थर्झा विचारते, "नेलंस का?"

"पुढच्या वर्षी," तो म्हणतो.

"आई वाट बघत असेल."

"माहितीय."

आईच्या शेजारची जागा अजून रिकामी आहे. लोडेमाला तिथं न्यायचं राहिलं आहे.