सेकुरू झिंडोगाच्या शापाने पडलेली गिधाडं

पहिलं गिधाड धप्पकन ज्वारीत पडलं आणि बायकांनी जिभा हलवून एकच जल्लोष केला. वैदू झिंडोगाने, ज्याला सगळे मानाने सेकुरू, म्हणजे आजोबा म्हणत, काठी आभाळाकडे रोखली.

"मी शाप देतो, पक्षी पडतो! याचा मेंदू खा, उद्याचं आज दिसेल. लॉटरीचा आकडासुद्धा!"

दुसरं पडलं. माझा मेहुणा चुमा डोकं मिळवायला गर्दीत घुसला.

सेकाई तिथे नव्हती. आमच्याच गावची ही पोर वन्यप्राण्यांवर माहितीपट करते आणि मी तिची गाडी चालवतो. गोरखचिंचेवरच्या गिधाडांच्या एका जोडीचं ती कित्येक वर्षं चित्रण करत होती. त्या दुपारी आम्ही झाडाखाली पोहोचलो, तर मादी मरून पडलेली, मुंडकं कापलेलं. वर पिल्लू ओरडत होतं.

सेकाई रडली नाही. "बाबा ग्वेंझी," ती मला म्हणाली, "हे ज्याने केलं, त्याला मी सोडणार नाही."

पाणवठ्यावर तिने झाडाला कॅमेरा बांधून ठेवला होता. त्यात सगळं सापडलं. पहाटे झिंडोगा मेलेलं गाढव ओढत आणतो, पोट फाडतो, कपाशीवरची कीड मारायचे जांभळे विषारी दाणे आत ओततो. गिधाडं खातात, डुलायला लागतात. मग हा शाप द्यायला गावाकडे पळतो!

तोवर गिधाडाचा मेंदू खाल्लेल्या चुमाच्या तोंडाला फेस आला होता. दवाखान्यातली नर्स म्हणाली, "हे कीटकनाशक आहे." इंजेक्शनं देऊन त्याला कसंबसं वाचवलं.

दुसऱ्या सकाळी सेकाई काठीला त्याच गाढवाचं काळीज टोचून झिंडोगाभोवतीच्या गर्दीत शिरली.

"सेकुरू, पक्षी तुमच्या शापाने मेले ना? मग हे मांस साधंच असणार. खा."

"आमच्या पूर्वजांना गाढव वर्ज्य आहे!"

"अय्या, सोवळे आजोबा!" माझी बहीण तेन्डाई, चुमाची बायको, कडाडली. "माझ्या नवऱ्याने तुमच्या शब्दावर गिधाडाचा मेंदू खाल्ला. तुम्ही एवढा घास खा की!"

सेकाईने काठी त्याच्या ओठांपर्यंत नेली. झिंडोगा गुडघ्यांवर कोसळला. "नको, मरेन मी!"

मग तिने कॅमेऱ्यातलं चित्रण सगळ्यांना दाखवलं. भर उन्हात तिने त्याच्याकडूनच खड्डा खणून घेतला, गाढव आणि एकेक पक्षी त्याच्याच हातांनी पुरायला लावला. तो पाणी मागत होता. पोलीस येईपर्यंत तिने दिलं नाही.

परतताना ती म्हणाली, "त्याने तोंड उघडलं असतं, तर मी हात मागे घेतला असता का, मला माहीत नाही."

पिल्लू वाचलं नाही. चुमाचे हात अजून थरथरतात.

माझं एवढंच सांगणं आहे. कोणी चमत्कार दाखवला, तर टाळ्या वाजवण्याआधी त्याला विचारा, हे कसं केलंस? तो चिडला, शाप द्यायला लागला, तरी पुन्हा विचारा. उत्तर मिळेपर्यंत त्याच्या हातचं काही तोंडात घालू नका.