पंधरातून चार गेले

प्रेमदास ताकसांडेनं काउंटरवरचा कागद उचलला, चष्मा कपाळावर सरकवला, कागद डोळ्यांशी नेला आणि पुन्हा खाली ठेवला.

"साहेब, येथं अठरा कसे आले?"

बँकेतला साहेब नवीन होता, कोल्हापूरकडून बदलून आलेला, पोरसवदा. त्याच्या मागच्या भिंतीवर एका जोडप्याचं पोस्टर होतं. दोघांच्या हातात मिळून एक किल्ली होती आणि दोघं दात दाखवून हसत होते. साहेबानंही जमेल तेवढा तसाच चेहरा केला.

"तुमच्या कर्जाची उरलेली मुदत आहे ती, काका. अठरा वर्षं."

"कर्ज पंधरा वर्षांचं आहे. चार वर्षं झाले भरून राह्यलो. एक हप्ता चुकला नाई."

"नाहीच चुकलेला. खातं एकदम स्वच्छ आहे तुमचं."

"मंग पंधरातून चार गेले तर उरते किती?"

दुसरीतल्या पोरालाही येणारं हे उत्तर साहेबानं दिलं नाही. त्यानं खुर्ची पुढे ओढली आणि समजावून सांगितलं. कर्ज घेतलं तेव्हा व्याज आठ टक्के होतं. ते बदलतं व्याज होतं, तसं कागदावर लिहिलेलं होतं आणि खाली काकांची सही होती. आता ते साडेअकरा झालं. हप्ता वाढवला असता तर काकांनाच जड गेलं असतं. म्हणून बँकेनं हप्ता तोच ठेवला आणि वर्षं वाढवली.

"ग्राहकाच्या सोयीसाठी," साहेब म्हणाला.

"आन् मी भरतो ते जाते कुठं?"

"व्याजात. अडतीसशेतले जेमतेम पाचशे मुद्दलातून कमी होतात." मग प्रेमदासचा चेहरा पाहून त्यानं घाईनं जोडलं, "पण काका, व्याज जास्त म्हणजे टॅक्समध्ये सूटही जास्त."

प्रेमदासला हे वाक्य झोंबलं, कारण ते त्याचं स्वतःचं होतं. दर फेब्रुवारीत तो व्याजाचं सर्टिफिकेट घ्यायला इथे यायचा आणि पुलगावच्या लष्करी डेपोत आपल्या ऑफिसात ते जमा करायचा. त्या दिवसांत डेपोतल्या बाबू लोकांत कोणाचं व्याज किती, कोणाचा टॅक्स किती वाचला, याचीच चढाओढ. चार वर्षांत प्रेमदासचा आकडा दरवर्षी वाढत गेला होता. मागच्या साली तर तो सगळ्यांत मोठा निघाला आणि या गृहस्थानं त्या आनंदात अर्धा किलो जिलेबी वाटली. ज्या आकड्यावर डोकं धरून बसायचं, त्या आकड्याची जिलेबी! आणि खाणाऱ्यांतल्या एकानंही विचारलं नाही, कारण प्रत्येकाच्या खिशात तसलंच सर्टिफिकेट होतं.

पिपरी मेघेच्या त्याच्या गल्लीतही तेच. डाळ वाढली, पेट्रोल वाढलं की प्रेमदास फाटकाशी उभा राहून म्हणायचा, "पण आपला हप्ता पाहा. एक रुपया वाढला नाई." त्याच्या शब्दावर शेजारच्या दोघांनी कर्ज काढलं होतं. आता त्यांच्या दारावरून सायकल नेताना त्यानं मान वर केली नाही.

हिशेब त्यानं फार विचारानं घातला होता. साठाव्या वर्षी रिटायर व्हायचं आणि त्याच महिन्यात शेवटचा हप्ता. पेन्शन हातात, घर मोकळं. आता शेवटच्या हप्त्याला तो सदुसष्ट वर्षांचा असणार होता.

घरी प्रमिला अंगणातल्या खाटेवर वाळवणाचे सरोदे वाळत घालत होती. त्यानं सायकल भिंतीला टेकवली आणि उभ्या उभ्याच सगळं सांगितलं. तिनं ऐकून घेतलं आणि एकच प्रश्न केला.

"सही करताना वाचलं नोतं काय?"

"चाळीस पानं होते! कोण वाचते?"

"मंग आता बँकेवर काऊन बोंबलता?"

आत रक्षा अकरावीच्या पोरांच्या ट्यूशनच्या वह्या तपासत होती. बी.कॉम. झाल्यापासून घरातला हिशेब तिच्याकडे होता, फक्त बापाचे दोन विषय सोडून. एक कर्ज आणि दुसरा तिचं लग्न. ती कॅल्क्युलेटर घेऊन बाहेर आली, बापाच्या हातातला कागद तिनं घेतला आणि पायरीवर बसून बराच वेळ बटणं दाबली.

"बाबा, ती एफडी किती टक्क्यानं आहे?"

"साडेसहा. पाच वर्षांसाठी बांधून टाकली ना."

"म्हणजे आपण बँकेले दोन लाख साडेसहानं देतो, आन् तिच्याचकडून साडेअकरानं घेतो. त्याच बँकेत. त्याच काउंटरवर."

काखेत कळसा आणि गावाला वळसा, हे प्रेमदासलाही कळत होतं.

"ते दोन लाख कर्जात टाका. अठराचे चार होतात. चारच वर्षं, बाबा! मंग घर आपलं."

"ते तुह्या लग्नाचे आहे."

"माह्या नावावर आहे ना? मंग मी म्हणते, मोडा."

"पोरीच्या लग्नाचे पैसे वेगळे असतात!"

तो एवढ्या जोरात ओरडला की पलीकडच्या अंगणातलं बोलणं थांबलं. पैसे वेगळे नसतात, हे बी.कॉम. झालेल्या पोरीला कोणी सांगायची गरज नव्हती. पण प्रेमदाससाठी ते खरोखरच वेगळे होते. त्याचा बाप पुलगावच्या कापड गिरणीत होता. मोठ्या बहिणीच्या लग्नाचा किराणा उधारीवर आला, आणि लग्नाच्या दिवशी तो दुकानदार स्वतः पंगतीला बसला. पोटभर जेवला, हात धुतला आणि व्याह्यांच्या देखत बापाला विचारलं, "बाकीचे कवा देता?" प्रेमदास तेव्हा हातात बुंदीचं ताट घेऊन उभा होता. बापाचं तोंड त्याला अजून दिसायचं. रक्षा पाळण्यात असताना त्यानं ठरवलं होतं की हिच्या पंगतीला असला माणूस बसणार नाही. घरावर कर्ज असलं तर असो, लग्नावर नको.

"आयका," प्रमिला म्हणाली, "इतवारी पाहुणे येऊन राह्यले. तोवर या घरात टक्के कोणी बोलाचे नाई. ना बापानं, ना पोरीनं."

घर पाहावं बांधून, लग्न पाहावं करून, असं जुने लोक म्हणून गेले. दोन्ही एकाच पगारात करून पाहा, असं मात्र त्यांनी कुठं म्हटलेलं नाही.

रविवारी मधुकरराव आले, त्यांची बायको आली आणि मुलगा विवेक आला. मंडळी सावंगीची, म्हणजे गावच्याच दुसऱ्या टोकाची. मधुकरराव जिल्हा परिषदेत होते, विवेक शेती खात्यात. जयभीम झाला, पाणी झालं. प्रेमदासनं घर दाखवलं. एरवी तो ग्रिलपासून सुरू करून संडासच्या टाइल्सपर्यंत जायचा आणि शेवट हप्त्यावर करायचा. आज ग्रिलपाशीच त्याचे शब्द संपले.

"छान बांधलं," मधुकरराव म्हणाले. "कर्ज काढलं असन?"

"हो. पंधरा वर्षांचं."

"भरले किती?"

"चार झाले."

"मंग काय, अकरा तर राह्यले. ते तं हा हा म्हणता जाईन."

प्रेमदासनं मान हलवली. ती होकारार्थी होती की नाही, हे त्यालाही सांगता आलं नसतं. तेवढ्यात रक्षा पोह्यांचा ट्रे घेऊन आली. तिनं ट्रे टीपॉयवर ठेवला.

"अठरा," ती म्हणाली.

प्रमिलानं डोळे मिटून घेतले.

"काय अठरा?" मधुकररावांनी विचारलं.

"अठरा राह्यले, काका. व्याज वाढलं आन् हप्ता तोच ठेवला, म्हणून वर्षं वाढले. ज्यांचा ज्यांचा हप्ता वाढला नाई, त्यांचे वर्षं वाढले."

विवेक पहिल्यांदाच मान वर करून तिच्याकडे बघत होता. मधुकररावांनी पोह्यांची प्लेट हातात घेतली होती. त्यांनी एक घास खाल्ला, दुसरा चमच्यात घेतला आणि तो तसाच राहिला.

"आमचा हप्ताही नाई वाढला," ते हळूच म्हणाले. "त्याच बँकेत आहे आमचं."

मग त्यांनी प्लेट खाली ठेवली. दोन मिनिटं इकडचं तिकडचं बोलणं झालं, तेही तुटक. चहा अर्धा राहिला. "कळवतो" म्हणून मंडळी उठली आणि फाटकापाशी मधुकररावांना चप्पल कोणत्या पायात घालायची तेही सुचत नव्हतं.

फाटक बंद होताच प्रेमदास वळला.

"झालं समाधान? कोण करन आता तुह्यासंग लग्न? पाहुण्यासमोर बापाची इज्जत काढली!"

"मी खोटं बोलली काय?"

"खोटं-खरं कोणी विचारलं तुले? पोहे द्याचे, बसाचं, चूप राहाचं. एवढं जमत नाई?"

"नाई जमत," रक्षा म्हणाली. तिच्या डोळ्यांत पाणी आलं होतं आणि त्याचाच तिला जास्त राग आला होता. ती आत गेली आणि ट्रेमधल्या प्लेटा आपटत बसली.

प्रेमदास खुर्चीवर बसला. आता प्रमिला आपल्या बाजूनं दोन शब्द बोलेल असं त्याला वाटलं. ती बोललीही, पण आधी उष्टे पोहे एका भांड्यात काढून घेतल्यावर.

"तुमच्या बहिणीच्या लग्नात तो दुकानदार जेवाले बसला होता ना?"

"त्याचं काय आता?"

"तो बिचारा एक डाव जेवला आन् गेला. हा बँकवाला तं अठरा वर्षं जेवणार आहे आपल्या घरी. रोज." तिनं भांड्यावर झाकण ठेवलं. "पोरगी तं जाईन तिच्या घरी. मंग राह्यलो आपण दोघं. तुमी आहे तोवर पेन्शनीतून भरान. तुमच्यामागं मी कशातून भरू, तेवढं सांगून ठेवजा."

सोमवारी प्रेमदास पुलगावला जाऊन आला, मंगळवारीही. सावंगीहून निरोप आला नाही. घरात तिघं तीन दिशांना तोंडं करून जेवत होते.

मंगळवारी जेवण झाल्यावर त्यानं कपाटातून एफडीची पावती काढली आणि रक्षापुढे उलटी ठेवली.

"येथं सही कर."

तिनं पेन घेतलं आणि सही केली. एकदा तरी ती नाही म्हणेल, निदान थोडी थांबेल, असं त्याला फार वाटत होतं. ती थांबली नाही. फक्त पावती परत देताना म्हणाली, "बाबा, शाई वल्ली आहे. घडी नका करू लगेच."

बुधवारी त्यानं रजा टाकली. बँकेत बाकावर मधुकरराव बसले होते, मांडीवर प्लॅस्टिकची पिशवी घेऊन. प्रेमदासला परत फिरता आलं असतं, पण नजरानजर झाली.

"जयभीम."

"जयभीम. आज इकडं काय?"

"सर्टिफिकेट," प्रेमदास म्हणाला. "टॅक्सचं."

"मी बी त्याच्याचसाठी."

दोघं शेजारी बसले. भिंतीवरचं जोडपं किल्ली धरून हसत होतं. मग काउंटरच्या आतून साहेबाचा आवाज आला.

"एफडी मोडायला कोण आलंय? पावती घेऊन या."

दोघंही उठून उभे राहिले.

मग मधुकररावांनी पिशवीतून पावती काढली. लपवण्यात आता अर्थ नव्हता.

"विवेकच्या लग्नासाठी ठेवले होते," ते म्हणाले. "इतवारी तुमच्याकडून जो गेलो, तो सोमवारी बँक उघडताच आलो. इचारलं. आमचं तं तुमच्यापेक्षा वाईट निघालं, ताकसांडे साहेब. रात्रभर घरात भांडण. शेवटी पोरगाच म्हणे, मोडा."

"आमच्या घरी पोरगी म्हणे."

"पोरगी पसंत आहे आमाले. विवेक तं तेथूनच पसंत करून आला. पण फोन कोणत्या तोंडानं करू? लग्नाचे पैसे तं मी येथं भरून राह्यलो. आता तुमी म्हणान, पोराचा बाप असून याच्यापाशी लग्नाले दमडी नाई."

प्रेमदासनं आपली पावती उलटी करून त्यांच्यापुढे धरली. मधुकररावांनी चष्मा नीट केला आणि ती सही वाचली, पूर्ण, आडनावासकट.

"मंग करू ना विहारात," ते म्हणाले. "आपल्या आपल्या पन्नास माणसांत. वरण-भात आन् एक गोड."

"पंगतीले बाहेरचा कोणी नाई," प्रेमदास म्हणाला. मधुकररावांना त्यातलं काही कळण्यासारखं नव्हतं, पण त्यांनी मान हलवली.

"या लवकर," साहेब म्हणाला. "कोण आधी?"

"तुमी व्हा पुढं," प्रेमदास सवयीनं मागे सरला. तो मुलीचा बाप होता.

"नाई," मधुकररावांनी त्याच्या पाठीवर हात ठेवला आणि त्याला पुढे केलं. "पह्यले मुलीवाले."

प्रेमदासनं पावती काउंटरवर ठेवली. साहेबानं ती आपल्याकडे ओढली, पण ती सरकली नाही. रक्षाच्या सहीवर प्रेमदासचा अंगठा होता. तो त्यानं थोड्या वेळानं उचलला.