चटईवरची टोपी

ओरिएनं उकडलेल्या रताळ्याचा चिमूटभर गर बोटावर घेतला आणि कुंचल्याच्या दांड्याला नीट चोळला. केसांना नको, सासूबाईंच्या लगेच लक्षात आलं असतं. मग बोट चाटून, हात फडक्याला पुसून, काही झालंच नाही अशा चेहऱ्यानं ती कुंचला घेऊन बाहेरच्या खोलीत आली.

चटईवर मांडामांड चालली होती. आज जुळ्यांचा, केइगो आणि सुझुनाचा, पहिला वाढदिवस. पहिल्या वाढदिवसाला लेकरापुढं वस्तू मांडायच्या आणि ते जे उचलेल त्यावरून मोठेपणी काय होणार ते सांगायचं, ही रीत घरोघरीची. मण्यांची पाटी उचलली तर व्यापार, कुंचला उचलला तर विद्या, कात्री उचलली तर हातात कला. सासूबाई कियोनो एकेक वस्तू पुसून ओळीत ठेवत होत्या. ओळीच्या अगदी मधोमध सासऱ्यांनी लष्करी गणवेशाची एक टोपी आणून ठेवली होती.

"बाबा, ही कशाला?" ओरिएनं हसत विचारलं. हसू ती स्वयंपाकघरातूनच तयार करून घेऊन आली होती.

"कशाला म्हणजे? बापाची टोपी आहे." सासरे शिगेमित्सू म्हणाले. ते स्वतः सुभेदार म्हणून निवृत्त झाले होते. "ताकेहिरोपुढं मी माझी ठेवली होती. पठ्ठ्यानं झडप घालून उचलली. विचार त्याला."

ताकेहिरो, ओरिएचा नवरा, खिडकीपाशी मोबाइल धरून उभा होता. फोटोंचं काम त्याच्याकडे होतं. त्यानं नुसती मान हलवली. ती होकाराची होती की नकाराची, देव जाणे. दक्षिणेकडच्या बेटावरच्या नव्या तळावर त्याला पाठवलं होतं, तिथून हिवाळ्यात परत आला तेव्हापासून तो असाच होता. सरावात बरोबरचा एक मुलगा गेला, एवढंच त्यानं सांगितलं. पुढं एक अक्षर नाही. अधूनमधून तो न्हाणीघरातल्या कोरड्या टबात कपड्यांसकट जाऊन बसायचा आणि ओरिए दाराबाहेर उभी राहायची. एकदा तिथूनच ती म्हणाली होती, "आपल्या केइगोला यात नको हं घालायचं." आतून बऱ्याच वेळानं उत्तर आलं होतं, "नको." त्या एका शब्दावर ती आजपर्यंत तग धरून होती.

लांब मैदानावर तोफांचा सराव चालू होता. खिडकीच्या काचा मधूनच थरथरायच्या. कुणी वर बघायचंही नाही. या वसाहतीत लेकरं त्या आवाजात झोपायला शिकतात.

"मासा थंड होईल हो, सुरू करा!" मासुमी कुवाबारा म्हणाली. ही ताकेहिरोच्याच तुकडीतली हवालदार, सुट्टीचा दिवस म्हणून जीन्समध्ये आलेली. भाजलेला मोठा मासा तिनंच आणला होता. लाल चवळीचा भात ओरिएनं सकाळीच करून ठेवला होता.

"आधी मुलगा," सासरे म्हणाले.

ओरिएनं केइगोला चटईच्या कडेला बसवलं. तो रांगत निघाला. मण्यांच्या पाटीकडे त्यानं पाहिलंही नाही. टोपीपाशी थांबला. तिच्या काळ्या कडेवर त्यानं पंजा ठेवला.

"हाण! शाब्बास!" सासरे गुडघ्यांवर उठले.

केइगोनं नाक वर करून हुंगलं. मग पंजा उचलला, वळला, आणि कुंचला पकडून त्याचा दांडा सरळ तोंडात घातला.

"कुंचला! अगंबाई, कुंचला उचलला!" ओरिए नको तेवढ्या जोरात ओरडली.

सासऱ्यांचा चेहरा पडला. पण माणूस मोठा चिवट. क्षणभर विचार करून त्यांनी मांडीवर थाप मारली. "म्हणजे डोकं आहे पोराला! अधिकारी होणार हा. मी जन्मभर सलाम ठोकले, हा घेणार!"

"कात्री उचलली असती तर लष्करी डॉक्टर होणार म्हणाला असतात," सासूबाई म्हणाल्या. "तुमच्या सगळ्या वाटा आपल्या छावणीलाच जाणार."

सगळे हसले. ओरिएही हसली. एवढा आटापिटा केला आणि यांनी दोन शब्दांत त्याची माती केली. तरी हरकत नाही, तिनं मनाला समजावलं, टोपी नाही ना उचलली. ती केइगोचं तोंड पुसायला बसली.

"आता सुझुना," म्हणत सासूबाईंनी मुलीला आणून ठेवलं. कात्री आणि दोऱ्याचं रीळ त्यांनी तिच्या बाजूला सरकवलं. सासरे टोपी उचलायला वाकले.

"ही घेतो काढून. हिला काय करायची?"

"राहू द्या हो, काका," मासुमी म्हणाली. "मी घालते, मी काय घोडं मारलंय?"

"तुझी गोष्ट वेगळी, पोरी. तू अर्धी पुरुषच."

"अर्धी? पगार तर पुरा घेते."

पुन्हा हशा झाला. टोपी राहिली. ओरिएनं मान वर केली तेव्हा सुझुना निघालेली होती. ती रिळावरून गेली, कात्रीच्या बाजूनं गेली, कुठे रेंगाळली नाही, आणि दोन्ही हातांनी टोपी उचलून तिनं छातीशी धरली.

खिडकीच्या काचा थरथरल्या.

गेले कित्येक दिवस ओरिए झोपेतही मुलाचाच विचार करत होती. मुलीचं काय, हा प्रश्नच तिला पडला नव्हता. एका बाजूला कुंपण घातलं आणि दुसरी बाजू सताड उघडी ठेवली, असं झालं होतं. आपल्यासारखी मूर्ख आपणच, तिला वाटलं.

"शिपाई मुलगीच निघाली की हो," सासूबाई कसनुशा हसल्या.

"मग काय झालं?" मासुमी म्हणाली. "आता मुलीच लागणार, काका. पोरं आहेत कुठे? शाळांना कुलपं लागतायत. भरतीची पोस्टरं बघा, एकावर तरी मुलगा दिसतो का?"

सासऱ्यांनी नातीकडे पाहिलं. वर्षभरात त्यांनी तिला असं निरखून पाहिलं नव्हतं. खांदे, मनगटं, पाय, सगळं पाहिलं. "खरंच की," ते सावकाश म्हणाले. मघाच्या त्यांच्या आरडाओरड्याची ओरिएला इतकी भीती वाटली नव्हती.

"पुन्हा करू या," ती म्हणाली.

"हे एकदाच करायचं असतं, सूनबाई," सासूबाई म्हणाल्या.

"पुन्हा करू या, आई. टोपी मधोमध होती म्हणून गेली ती. याला काय अर्थ आहे?"

तिचा आवाज चढला होता. या घरात सुनेचा चढलेला आवाज कुणी ऐकला नव्हता. सासूबाई मुकाट्यानं बाजूला झाल्या. ओरिएनं सुझुनाच्या मुठीतून टोपी ओढली. पोरीची पकड घट्ट होती, एकेक बोट सोडवावं लागलं. ती रडली नाही. टोपी कुठे जाते ते बघत राहिली.

ओरिएनं टोपी खिडकीपाशी नेऊन ताकेहिरोच्या हातात दिली. "तू धर," ती हळूच म्हणाली. या खोलीत ज्याच्यावर विसंबावं असा तोच एक होता. "दिसू देऊ नकोस तिला."

त्यानं टोपी घेतली.

सुझुनाला पुन्हा ओळीपुढं बसवलं. कात्री, रीळ, पाटी, कुंचला. तिनं कशालाही हात लावला नाही. ती ताठ बसून बापाकडे बघत होती.

"घे ना बाळा," ओरिए म्हणाली. "ते बघ, रीळ बघ. किती छान आहे."

सुझुना हलली नाही.

"हुकमाशिवाय हलायची नाही ही!" सासरे म्हणाले आणि हसता हसता त्यांना ठसका लागला. मासुमी हसली. सासूबाईही हसल्या.

ताकेहिरोनं मोबाइल खिडकीत ठेवला. टोपी डोक्यावर चढवली. त्याचे खांदे मागं गेले, टाचा जुळल्या. आपण हे करतोय हे त्याला तरी कळत होतं की नाही कोण जाणे. हिवाळ्यापासून पुटपुटण्यापलीकडे न गेलेला त्याचा आवाज छातीच्या तळातून बाहेर पडला.

"पुढे... चल!"

कुणी हसलं नाही. केइगो दचकून रडायला लागला.

सुझुनानं दोन्ही हात चटईवर टेकले, ढुंगण वर केलं आणि ती उभी राहिली. आजवर ती कधी आधाराशिवाय उभी राहिली नव्हती. डुलली, सावरली, आणि तिनं पाऊल टाकलं. मग दुसरं. मण्यांची पाटी तिच्या पायाखाली खळखळली, रीळ घरंगळत गेलं. ती त्या ओळीतून आरपार चालत बापाच्या पायांशी गेली आणि त्याची पँट धरून थांबली. ताकेहिरोनं खाली पाहिलं नाही. तो समोरच्या भिंतीकडे बघत ताठ उभा होता.

"चालली! अगंबाई, चालली!" सासूबाई टाळ्या वाजवायला लागल्या. मासुमीनं शिट्टी घातली. सासऱ्यांच्या डोळ्यांत पाणी आलं.

लेकीची पहिली पावलं होती ती. ओरिएचा ऊर भरून आला, आणि तिच्या लक्षात आलं, सगळ्यांत जोरात टाळ्या आपणच वाजवतोय.