अंबाडीच्या चटणीचा पाटा

मी एक जुना पाटा आहे, मित्रांनो. बालाघाटात वैनगंगेकडे उतरणाऱ्या एका रस्त्यावर आमचं घर आहे आणि त्या घराच्या मागच्या अंगणात, नळाखाली, मी पडून असतो. सध्या माझ्यावर कपडे घासतात. ज्या दिवशी नळाला पाणी येत नाही, त्या दिवशी एक मांजर येऊन झोपते. तुम्ही मला पाहिलंत तर फरशीचा तुटका तुकडा समजाल. पण माझ्या मधल्या भागावरून हात फिरवून पाहा. तिथे तळहाताएवढी खोलगट जागा आहे. तो खळगा चटणी वाटून वाटून पडला आहे.

कोणत्या डोंगरातून मला फोडून काढलं, ते मला सांगता येणार नाही. माझी आठवण पाथरवटाच्या टाकीपासून सुरू होते. टाकी म्हणजे दगडावर घाव घालायची पोलादी छिन्नी. तिचे बारीक, सारख्या अंतरावरचे घाव अंगावर पडले आणि मी खडबडीत झालो. दगड गुळगुळीत असला तर मिरची त्यावरून नुसती घसरते. खाचेत अडकली तरच ती फाटते.

कटंगीच्या आठवडी बाजारात मला विकायला ठेवलं होतं. शेवंताबाई तेव्हा नवी नवरी होती. तिने बोटाच्या सांध्याने मला ठिकठिकाणी टकटक केलं आणि कान जवळ आणला. आत चीर असलेला दगड बद्द वाजतो. मी खणखणीत वाजलो.

"एवढा धोंडा बसमंदी कोण उचलीन?" तिचा नवरा महागू म्हणाला.

"तुमी. वरवंटा माह्याकडं."

"लगन झालं तवापासून मले हमालच करून ठेवलं हिनं!"

तो कुरकुरतच मला खांद्यावर घेऊन बसमध्ये चढला. घरी आल्यावर शेवंताबाईने आधी माझ्यावर भिजवलेले तांदूळ आणि जाडं मीठ वाटलं आणि ते सगळं फेकून दिलं. नव्या दगडाची कच त्यात निघून जाते. पिठात बोट घासलं तरी दगडाचा कण लागेना, तेव्हाच तिने मला चुलीजवळ जागा दिली.

आमच्याकडे समुद्र नाही. पण वैनगंगेत झिंगे मिळतात. समुद्राकाठचे लोक ज्याला कोळंबी म्हणतात, त्याची ही नदीतली धाकटी जात. झिंगे तव्यावर कुरकुरीत भाजले की त्यांच्यासोबत आंबट चटणी लागतेच, आणि ती अंबाडीच्या लाल बोंडांची. हिवाळ्यात बोंडं भरली की शेवंताबाई आतली बी काढून टाकायची आणि बाहेरच्या जाड, लाल पाकळ्या तेवढ्या ठेवायची. वाटण्याचा तिचा क्रम ठरलेला होता. आधी भाजलेली मिरची आणि मीठ, कारण मिठाचे खडे मिरचीची साल कापतात. मग लसूण. मग मूठभर सांभार, म्हणजे हिरवी कोथिंबीर. अंबाडी सगळ्यात शेवटी, कारण तिला लगेच पाणी सुटतं आणि एकदा सगळं ओलं झालं की उरलेलं काही बारीक होत नाही. शेवटी गुळाचा एवढासा खडा. चटणी ती कधी जर्मनच्या, म्हणजे अॅल्युमिनियमच्या, भांड्यात काढायची नाही. आंबटाने ते भांडं काळं पडतं आणि चटणीला धातूची चव येते. माझ्यावर आंबटाचा काही परिणाम होत नाही. कितीही अंबाडी वाटा, मी तसाच.

तिचा मुलगा धर्मेंद्र लहान असताना वाटण संपायची वाट पाहत माझ्यासमोर उकिडवा बसायचा. ती चटणी काढून घ्यायची आणि खाचांमध्ये उरलेली तो बोटाने पुसून खायचा. डोळ्यांतून पाणी यायचं, कान लाल व्हायचे, तरी बोट थांबायचं नाही. पाहुणे आले की म्हणायचे, "शेवंताबाई, मसोळी नसली तरी चालते, चटणी पाहिजे." त्या वर्षांत मला माझ्या जागेचा अभिमान वाटायचा. तो मी लपवणार नाही.

महागू गेला. धर्मेंद्र मोठा झाला आणि बैहरच्या रस्त्यावर सवारीची जीप चालवू लागला. नूतन सून म्हणून आली, तिला खुशी नावाची मुलगी झाली. जीपबरोबर धर्मेंद्रला खर्रा लागला. सुपारी, तंबाखू आणि चुना प्लास्टिकच्या पन्नीत घोटून करतात तो खर्रा. सकाळी उठल्यापासून त्याच्या एका गालात तो भरलेला असायचा.

"गाईवानी दिवसभर रवंथ करत राह्यतो," शेवंताबाई म्हणायची. "बोलतो तवा वाटते तोंडात माती भरली."

"घाटात झोप येते माय. खर्रा असला का डोळे उघडे राह्यते."

"मंग डोळ्यात टाक न!"

सगळे हसायचे. तोही हसायचा.

मग एका हिवाळ्यात, झिंग्याच्या पहिल्याच घासाला, तो थांबला. त्याने पाणी प्यायलं आणि वाटी दूर सरकवली.

"माय, चटणी लय झोंबून राह्यली."

"मिरची यंदाची तिखट दिसते," ती म्हणाली. पुढच्या वेळी तिने मिरची कमी केली. ती चटणीही झोंबली.

त्याच आठवड्यात रस्त्यावर टाकीवाला आला होता आणि त्याने माझे झिजलेले घाव पुन्हा खोल करून दिले होते. आमच्या घरात, मित्रांनो, चटणी बिघडली की आधी पाटा तपासायचा असा रिवाज आहे. म्हणून शेवंताबाईने मला दोषी धरलं. "टाकीची कच राह्यली असन. तोंड सोलून राह्यलं पोराचं." तिने पुन्हा तांदूळ आणि मीठ वाटलं, फेकलं, पुन्हा वाटलं. माझ्यावर एक कण उरला नव्हता. चटणी झोंबतच राहिली.

मग दोष नूतनच्या हातावर आला.

"तुह्या हातालेच मिरची लय आहे," सासू म्हणाली.

"माह्या हाताले? तुमीच तर वाटली आई, मी अंबाडी सोलली फक्त."

"मंग सोलतानी काही केलं असशीन."

शेजारच्या रुख्माबाईने सांगितलं, "दगड जुना झाला का दगा देते. मिक्सर घ्या." मिक्सर आला. मला चुलीजवळून उचलून नळाखाली ठेवलं. वरवंटा परछीच्या, म्हणजे मागच्या ओसरीच्या, दाराला अडसर म्हणून गेला. तेव्हापासून मी अंगणातून ऐकतो. घरातली माणसं मागच्या परछीतच जेवायला बसतात, त्यामुळे मला सगळं ऐकू येतं आणि दिसतंही.

मिक्सरची चटणीही झोंबली. मग मिरची बंद झाली. मग लसूण बंद झाला. मग अंबाडीच्या जागी दही आलं. धर्मेंद्र दहीभात खाऊ लागला. नूतन झिंगे मोडून बारीक तुकडे करून वाढू लागली, कारण अख्खा झिंगा त्याच्या तोंडात जाईना. जांभई देताना तो अर्ध्यातच थांबायचा आणि गाल धरायचा. घरात रोज एक पदार्थ बदलत होता. ज्या गालात दिवसभर खर्रा बसलेला होता, त्याकडे मात्र कोणी पाहत नव्हतं. मी दगड आहे, मला ओरडता येत नाही.

एका रविवारी नूतनने काय केलं ते ऐका. तिने एकाच वाटीत चटणी केली, अंबाडी आणि मीठ, मिरचीचा कणसुद्धा नाही. त्यातली अर्धी खुशीच्या ताटात आणि अर्धी धर्मेंद्रच्या ताटात वाढली. खुशीने बोट बुडवून चाटलं आणि आणखी मागितली. धर्मेंद्रने जिभेला लावली आणि त्याच्या डोळ्यांत पाणी आलं.

"झोंबली?" नूतनने विचारलं.

"हौ."

"पोरीले नाही झोंबत, तुमाले काहून झोंबते?"

 नूतनने मोबाइलचा टॉर्च लावला.

"तोंड उघडा."

"उघडलं न."

"हे उघडलं? माही दोन बोटं नाही जात यातून!"

"दाताचं लागलं आहे आतून. होईन बरं."

"कवापासून लागलं?"

 शेवंताबाई उठून जवळ आली, वाकली आणि उजेडात पाहिलं. गाल आतून भाताच्या पेजेसारखा पांढरा पडला होता. मागे एक जखम होती. "बापा रे," एवढंच ती म्हणाली आणि खाली बसली.

दुसऱ्या दिवशी ते गोंदियाला गेले, तिथून नागपूरला पाठवलं. डॉक्टरांनी सांगितलेलं नूतनने परत येऊन नळाजवळ रुख्माबाईला सांगितलं, म्हणून मला कळलं. सुपारीने तोंडातली कातडी हळूहळू आखडते, दोरीसारखी कडक होते. तिखट, आंबट झोंबणं ही तिची अगदी पहिली खूण. त्या वेळी खर्रा सुटला असता तर बिघाड तिथेच थांबण्याची आशा होती. आता तिथे कर्करोग झाला होता.

"पयल्यांदा झोंबली तवाच आणाचं होतं, म्हणे," नूतन म्हणाली. "आमी मिरची कमी करत बसलो."

रुख्माबाईने नळ बंद केला, पुन्हा सुरू केला. 

ऑपरेशन झालं. जबड्याचा एक भाग काढावा लागला. जीप आता दुसरा माणूस चालवतो. धर्मेंद्र घरी असतो, पातळ पेज पितो आणि त्याचं बोलणं खुशीशिवाय कोणाला नीट कळत नाही. पुढे काय होईल ते डॉक्टरही ठाम सांगत नाहीत. तपासणीला जायचा दिवस जवळ आला की घरात भांडीसुद्धा हळू वाजतात.

परवा झिंगेवाली मागच्या दारावर आली. शेवंताबाई म्हणाली, "नको बाई, आमच्याकडं आता खात नाही कोणी." आतून धर्मेंद्रने हात हलवला. घ्या, असं तो खुणेने सांगत होता. नूतनने थोडे घेतले, भाजले, मिक्सरमध्ये चटणी केली. खुशी ताट घेऊन परछीत बसली, पण बापासमोर तिचा हात उचलेना. ती झिंगा चिमटीत धरून नुसती बसून राहिली.

धर्मेंद्र काहीतरी बोलला.

"काय म्हणते तो?" शेवंताबाईने विचारलं.

"खा म्हणते, आजी," खुशी म्हणाली. "बडा घास घे म्हणते."

तिने अख्खा झिंगा चटणीत बुडवला आणि तोंड मोठं उघडलं. तो तिच्या उघडलेल्या तोंडाकडे पाहत राहिला, तिने घास गिळेपर्यंत. मग त्याने भिंतीकडे तोंड केलं.

मित्रांनो, मला पुन्हा चुलीजवळ न्या असं मी म्हणणार नाही. दगडाला कोणी जपलं नाही तरी तो टिकतो. पण तुमच्या घरात कोणी म्हणालं की चटणी झोंबते, तर मिरचीला, पाट्याला किंवा कोणाच्या हाताला बोल लावण्याआधी त्याला उजेडात बसवा आणि तोंड उघडायला सांगा. आणि तोंड पुरतं उघडलं नाही, तर त्याच दिवशी दवाखान्याची वाट धरा.